भारतीय चित्रपटांतील परदेशी वंशाचे चरित्र अभिनेते

भारतीय चित्रपटांतील परदेशी वंशाचे चरित्र अभिनेते : कथानकातील नायक-नायिकांखेरीज असणाऱ्या आई, वडील, अधिकारी, न्यायाधीश, डॉक्टर, खलपुरुष, विनोदी सेवक इत्यादी व्यक्तिरेखा वर्षानुवर्षे साकार करणाऱ्या नटास चित्रपटसृष्टीत सामान्यतः चरित्र अभिनेता म्हणतात. नायकाची कारकीर्द त्याच्या तारुण्याशी बांधलेली असते; चरित्र अभिनेत्याची कारकीर्द मात्र त्याचा चेहरा, आवाज, भाषेवरील प्रभुत्व आणि विशिष्ट प्रकारच्या व्यक्तिरेखांसाठी त्याची असणारी उपयुक्तता यांवर चालते. परक्या देशातून आलेला किंवा परक्या वंशाचा नट या क्षेत्रात शिरला, म्हणजे या चारही गोष्टींना वेगळे परिमाण प्राप्त होते. त्याचा चेहरा त्याला काम मिळवून देतो, परंतु तोच चेहरा त्याच्या कामाची सीमाही ठरवितो. मुंबईच्या चित्रपटव्यवसायात मूकपटांच्या काळापासून असे अनेक कलावंत वावरले. त्यांच्या कारकीर्दींचा इतिहास हा केवळ काही व्यक्तींचा इतिहास नसून ‘आपला’ कोण आणि ‘परका’ कोण हे पडद्याने कसे ठरविले, याचाही तो इतिहास आहे.

जागतिक पार्श्वभूमी : हा प्रश्न केवळ भारतापुरता नाही. फ्रेंच चित्रपटसृष्टीत परदेशी चरित्र अभिनेत्यांची मोठी परंपरा आहे. व्हिएन्ना येथे जन्मलेला व हॉलीवुडमध्ये दिग्दर्शक म्हणून गाजलेला एरिख फोन स्ट्रोहाइम (१८८५–१९५७) याचे दिग्दर्शनाचे मार्ग अमेरिकेत बंद झाल्यावर तो फ्रान्समध्ये गेला. झां रन्वार याच्या ला ग्रांद इल्यूझियाँ (१९३७) या चित्रपटातील जर्मन छावणीप्रमुखाची त्याची भूमिका चित्रपटेतिहासात अविस्मरणीय ठरली. त्याचे अखेरचे दिवसही फ्रान्समध्येच गेले. जपानी नट सेस्स्यू हायाकावा हाही अमेरिकेत कीर्ती मिळवून नंतर फ्रेंच चित्रपटांत काम करू लागला व दुसऱ्या महायुद्धाच्या काळात त्याचे वास्तव्य फ्रान्समध्येच होते. अमेरिकेत जन्मलेला धिप्पाड देहाचा जेस हान हा तर पॅरिसमध्येच स्थायिक झाला आणि दीर्घकाळ फ्रेंच चित्रपटांत दुय्यम भूमिका करीत राहिला. एरिक रोमेर याने आपल्या पहिल्या दीर्घ चित्रपटात त्याला पॅरिसमध्ये निष्कांचन झालेल्या परदेशी संगीतकाराची प्रमुख भूमिका दिली, ही त्याच्या कारकीर्दीतील अपवादात्मक घटना होय. या तिघांच्या बाबतीत एक गोष्ट समान आढळते : ज्या देशात ते राहिले त्या देशाच्या पडद्यावर त्यांना बहुधा ‘तो दुसरा’ म्हणूनच उभे राहावे लागले. मुंबईतही हेच घडले. मात्र येथे वसाहतीच्या राजवटीचा इतिहास मागे असल्यामुळे गोऱ्या चेहऱ्याला जो अर्थ चिकटला होता, तो अधिक जड होता.

मूकपटांचा काळ : विसाव्या शतकाच्या आरंभी प्रतिष्ठित घराण्यांतील स्त्रिया चित्रपटांत काम करण्यास धजत नसत. त्यामुळे ही उणीव बऱ्याच अंशी अँग्लो-इंडियन व बगदादी यहुदी समाजांतील तरुणींनी भरून काढली. मूकपटात संवाद नसल्याने त्यांना हिंदुस्थानी किंवा गुजराती भाषा न येणे ही अडचण नव्हती. पुणे येथे १९०७ साली जन्मलेल्या रूबी मायर्स यांनी ‘सुलोचना’ हे नाव धारण करून १९२० नंतरच्या दशकात अमाप लोकप्रियता मिळविली. नाव भारतीय, वेशभूषा भारतीय आणि कथानकही भारतीय असल्याने प्रेक्षकांनी त्यांच्या वंशाची चौकशी केली नाही. म्हणजे या काळात परदेशी वंशाचा चेहरा पडद्यावर भारतीय म्हणून सहज स्वीकारला जात होता, ही बाब पुढील काळाच्या तुलनेत लक्षणीय आहे.

बोलपट आणि भाषेची कसोटी : १४ मार्च १९३१ रोजी मुंबईच्या मॅजेस्टिक चित्रपटगृहात आलम आरा हा पहिला भारतीय बोलपट प्रदर्शित झाला आणि ही परिस्थिती पालटली. नटाला आवाज प्राप्त झाला, तशी त्याच्या उच्चारांची परीक्षाही सुरू झाली. सुलोचना यांना हिंदुस्थानी भाषेचे शिक्षण घेऊन पुन्हा पडद्यावर यावे लागले. त्यांनी १९२८ च्या मूकपटात व १९३५ च्या बोलपटात अनारकलीची भूमिका केली. १९५३ साली त्याच कथेवर आधारलेल्या अनारकली या चित्रपटात त्या सलीमच्या आईच्या भूमिकेत दिसल्या. एकाच कथेतील नायिकेपासून मातेपर्यंतचा हा प्रवास म्हणजे नायिका ते चरित्र अभिनेत्री या स्थित्यंतराचे एक ठळक उदाहरण होय. १९७३ सालचा दादासाहेब फाळके पुरस्कार त्यांना देण्यात आला. १९८३ साली त्यांचे मुंबईत निधन झाले.

बोलपटांच्या आरंभकाळात परदेशी वंशाच्या कलावंताला नायिकेचे स्थान मिळाल्याचे सर्वांत प्रसिद्ध उदाहरण नाडिया यांचे होय. मेरी एव्हान्स ऊर्फ नाडिया (१९०८–९६) यांचा जन्म ऑस्ट्रेलियातील पर्थ येथे झाला. वडील ब्रिटिश सैन्यात असल्याने त्या बालपणीच मुंबईत आल्या. सर्कस व रंगभूमीवरील कसरतींच्या कार्यक्रमांचा अनुभव घेऊन त्या जे. बी. एच्. वाडिया यांच्या वाडिया मुव्हिटोन या संस्थेत दाखल झाल्या. हंटरवाली (१९३५) या चित्रपटाने त्यांना देशभर प्रसिद्धी मिळवून दिली. धावत्या आगगाडीच्या टपावरील मारामाऱ्या, घोडदौड व चाबूक यांमुळे त्यांच्या चित्रपटांत संवादांपेक्षा कृतीला महत्त्व राहिले आणि भाषेची उणीव झाकली गेली. विशेष म्हणजे ब्रिटिश सत्तेच्या काळात सोनेरी केसांची ही स्त्री पडद्यावर अन्यायी सत्ताधाऱ्यांशी झुंजणारी भारतीय नायिका म्हणून वावरली आणि प्रेक्षकांनी तिला डोक्यावर घेतले. पुढे त्यांनी होमी वाडिया यांच्याशी विवाह केला व मुंबई हेच आपले घर मानले.

याच सुमारास मालाड येथे १९३४ साली स्थापन झालेल्या बॉम्बे टॉकीज या संस्थेत जर्मन तंत्रज्ञ काम करीत होते. दिग्दर्शक फ्रान्झ ओस्टेन यांचा अछूत कन्या (१९३६) व छायाचित्रणकार योझेफ व्हिर्शिंग यांचे कार्य सर्वपरिचित आहे. १९३९ मध्ये महायुद्ध सुरू होताच शत्रुराष्ट्राचे नागरिक म्हणून ब्रिटिश सरकारने या जर्मनांना स्थानबद्ध केले. कॅमेऱ्यामागील परदेशी माणसाला चेहऱ्याचा अडथळा नसतो. त्याला अडथळा होतो तो पारपत्राचा. व्हिर्शिंग यांनी युद्धानंतर पुन्हा मुंबईत काम सुरू केले आणि महल (१९४९) सारख्या चित्रपटांचे छायाचित्रण केले, यावरून हा फरक स्पष्ट होतो.

स्वातंत्र्योत्तर काळ : १९४७ नंतर गोऱ्या चेहऱ्याचा पडद्यावरील अर्थ पालटला. नवस्वतंत्र राष्ट्राच्या चित्रपटांत पाश्चात्त्य पोशाख, मद्य, सिगारेट व क्लबातील नृत्य या गोष्टी नैतिक अधःपाताची चिन्हे ठरल्या आणि त्यांचे प्रतिनिधित्व करण्यासाठी परदेशी वंशाचे कलावंत योजले जाऊ लागले. बगदादी यहुदी कुटुंबातील नादिरा (१९३२–२००६) यांनी मेहबूब खान यांच्या आन (१९५२) या रंगीत चित्रपटात गर्विष्ठ राजकन्येची भूमिका करून पदार्पण केले. श्री ४२० (१९५५) मधील ‘माया’ या व्यक्तिरेखेने मात्र त्यांच्यावर मोहमयी खलनायिकेचा शिक्का कायमचा बसला. नायिकेच्या भूमिका दुर्मीळ झाल्या. तथापि पुढील दोन दशकांत त्यांनी चरित्र अभिनेत्री म्हणून स्वतंत्र स्थान मिळविले. पाकीज़ा (१९७२) मधील कोठ्याची मालकीण आणि ज्यूली (१९७५) मधील अँग्लो-इंडियन आई या त्यांच्या भूमिका उल्लेखनीय असून ज्यूलीसाठी त्यांना सर्वोत्कृष्ट साहाय्यक अभिनेत्रीचा फिल्मफेअर पुरस्कार लाभला. ब्रह्मदेशातील रंगून येथे जन्मलेल्या व युद्धकाळात निर्वासित म्हणून भारतात आलेल्या हेलन यांचा क्लबातील नर्तकी म्हणून झालेला वापर हाही याच प्रवृत्तीचा भाग होय.

या संदर्भात डेव्हिड अब्राहम चेऊलकर यांचे उदाहरण तुलनेसाठी उपयुक्त आहे. कोकणातील चेऊल या गावावरून आडनाव घेतलेले हे कुटुंब बेने इस्राएल समाजातील होते. हा समाज शतकानुशतके कोकणात राहिलेला व मराठी बोलणारा. डेव्हिड यांना बूट पॉलिश (१९५४) मधील जॉन चाचा या भूमिकेसाठी साहाय्यक अभिनेत्याचा फिल्मफेअर पुरस्कार मिळाला आणि गोलमाल (१९७९) पर्यंत ते प्रेमळ, मिस्कील वडीलधारी व्यक्ती म्हणून प्रेक्षकांना आपलेसे वाटत राहिले. धर्माने अल्पसंख्य असूनही त्यांचा चेहरा व बोलणे या मातीतले असल्याने ते कधी परके ठरले नाहीत. आयुष्याच्या अखेरीस मात्र ते कॅनडात गेले व टोरोंटो येथे त्यांचे निधन झाले. यावरून परकेपणा धर्मावर वा वंशाच्या मूळ स्थानावर नव्हे, तर डोळ्यांना दिसणाऱ्या रूपावर व कानांना ऐकू येणाऱ्या उच्चारांवर ठरत होता, असे म्हणता येते.

‘गोरा साहेब’ हा साचा : स्वातंत्र्यलढ्यावरील व १८५७ च्या उठावावरील कथानकांना ब्रिटिश अधिकाऱ्याची आवश्यकता असे. ही भूमिका प्रथम बहुधा भारतीय नटच रंगभूषा व पिंगट टोप यांच्या साहाय्याने करीत. या पात्राची भाषाही ठराविक झाली होती : ‘त’ च्या जागी ‘ट’, क्रियापदांची मोडतोड आणि प्रत्येक वाक्याअखेर आरडाओरडा. भारतीय चित्रपटांत दीर्घकाळ संवाद नंतर ध्वनिमुद्रित करण्याची पद्धत रूढ असल्याने एका नटाच्या तोंडी दुसऱ्याचा आवाज घालणेही सोपे होते. त्यामुळे पडद्यावर केवळ गोरा देह हवा असेल, तर भाषा येण्याची गरज नव्हती. गर्दीच्या प्रसंगांसाठी कुलाबा भागात उतरलेल्या परदेशी प्रवाशांना एका दिवसाच्या मोबदल्यावर नेण्याची पद्धत मुंबईत यातूनच रूढ झाली. मराठी चित्रपटांनाही हा प्रश्न भेडसावला. पुण्यातील प्लेग आयुक्त रँड याच्या वधावरील २२ जून १८९७ (१९७९) या चित्रपटाचा विषयच असा होता, की ब्रिटिश अधिकाऱ्यांच्या व्यक्तिरेखा टाळणे शक्य नव्हते.

या साच्यातील शारीरिक बळाचा भाग बॉब क्रिस्टो (१९३८–२०११) यांनी दीर्घकाळ सांभाळला. सिडनी येथे जन्मलेले व व्यवसायाने स्थापत्य अभियंता असलेले क्रिस्टो एकोणीसशे सत्तरच्या दशकात मुंबईत आले. संजय खान यांच्या अब्दुल्ला (१९८०) या चित्रपटापासून त्यांना ओळख मिळाली. त्यानंतरच्या दोन दशकांत त्यांनी खलनायकाचा हस्तक, तस्कर, परदेशी गुंड अशा असंख्य भूमिका केल्या. मिस्टर इंडिया (१९८७) मध्ये अदृश्य नायक हनुमानाच्या मूर्तीने त्यांना चोप देतो, हा प्रसंग विशेष लोकप्रिय झाला. नायकाचे बळ सिद्ध करण्यासाठी मार खाणे हेच अशा भूमिकांचे प्रयोजन असे. क्रिस्टो यांनी हे काम विनातक्रार व निष्ठेने केले, चित्रपटसृष्टीत मित्र जोडले आणि उत्तरायुष्य बंगलोर येथे घालविले. तेथेच त्यांचे निधन झाले.

टॉम आल्टर : या परंपरेतील सर्वांत महत्त्वाचे, आणि तिचे अंतर्विरोध सर्वाधिक स्पष्ट करणारे अभिनेते म्हणजे टॉम आल्टर (२२ जून १९५०–२९ सप्टेंबर २०१७) हे होत. काटेकोरपणे पाहता त्यांना परदेशी म्हणणेच चूक ठरते. त्यांचे आजी-आजोबा अमेरिकेतील ओहायओ राज्यातून १९१६ साली मिशनरी म्हणून हिंदुस्थानात आले व पुढे लाहोरला स्थायिक झाले. वडिलांचा जन्म सियालकोटचा. १९४७ च्या फाळणीने इतर असंख्य कुटुंबांप्रमाणे हेही कुटुंब विभागले गेले : आजी-आजोबा पाकिस्तानात राहिले आणि आईवडील भारतात आले. टॉम यांचा जन्म मसूरी येथे झाला. त्यांचे बालपण डेहराडूनजवळील राजपूर येथे व शिक्षण मसूरीच्या वुडस्टॉक विद्यालयात झाले. घरात बायबलचे वाचन उर्दूतून होत असल्याने ती भाषा त्यांना लहानपणापासून अवगत झाली. अमेरिकेतील येल विद्यापीठात ते काही काळ शिकले. परंतु तेथे मन न रमल्याने परतले. हरयाणातील जगाधरी येथे शिक्षक असताना त्यांनी आराधना हा चित्रपट पाहिला. राजेश खन्ना यांच्या अभिनयाने ते इतके भारावले, की नट होण्याचा निश्चय करून १९७२ साली त्यांनी पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये प्रवेश घेतला.

प्रभात स्टुडिओच्या जागेत १९६० साली सुरू झालेल्या या संस्थेत अभिनयाचे शिक्षण रोशन तनेजा देत असत. आल्टर १९७४ मध्ये सुवर्णपदकासह तेथून बाहेर पडले. नसीरुद्दीन शाह व बेंजामिन गिलानी यांच्याशी त्यांचा स्नेह याच काळातील. या दोघांसह त्यांनी १९७९ साली ‘मोटली’ ही नाट्यसंस्था स्थापन केली. तिचा पहिला प्रयोग सॅम्युएल बेकेटच्या वेटिंग फॉर गोदो या नाटकाचा होता आणि तो जुहू येथील पृथ्वी थिएटरमध्ये झाला.

चित्रपटांत आल्टर यांचे पदार्पण रामानंद सागर यांच्या चरस (१९७६) मधून झाले. लगेच पुढच्या वर्षी सत्यजित रे यांच्या शतरंज के खिलाडी (१९७७) मध्ये त्यांना कॅप्टन वेस्टनची भूमिका मिळाली. अवध संस्थान खालसा करण्याच्या तयारीत असलेला जनरल आउट्रम आपल्या या तरुण साहाय्यकाकडून नबाब वाजिद अली शाहच्या दिनक्रमाची माहिती विचारतो. वेस्टन त्याला नबाबाचे काव्य ऐकवून त्याचा अर्थ समजावून देतो. वरिष्ठाला ही रसिकता संशयास्पद वाटते. राज्य घेऊ पाहणाऱ्यांच्या पक्षात उभा असलेला, पण ज्यांचे राज्य जाणार त्यांच्या भाषेवर प्रेम करणारा हा अधिकारी आल्टर यांनी अत्यंत संयमाने उभा केला. त्यांच्या सबंध कारकीर्दीचे सूत्र या छोट्या भूमिकेत सामावले आहे, असे म्हटल्यास अतिशयोक्ती होणार नाही.

त्यानंतरच्या व्यावसायिक चित्रपटांनी मात्र त्यांच्या भाषाप्रभुत्वापेक्षा त्यांच्या वर्णाचाच अधिक उपयोग केला. क्रांती (१९८१) सारख्या चित्रपटांतून ते जुलमी ब्रिटिश अधिकारी म्हणून परिचित झाले. रिचर्ड ॲटनबरो यांच्या गांधी (१९८२) मध्ये ते पुण्याच्या आगाखान पॅलेसमधील डॉक्टरच्या लहानशा भूमिकेत दिसतात. केतन मेहता यांच्या सरदार (१९९३) मध्ये त्यांनी लॉर्ड माउंटबॅटन साकार केला. दूरदर्शनवरील जबान सँभालके या विनोदी मालिकेत ते हिंदी शिकण्यासाठी वर्गात बसलेला इंग्रज झाले. ज्या नटाचे हिंदी-उर्दू उच्चार अनेक सहकलाकारांपेक्षा शुद्ध होते, त्याने तीच भाषा न येण्याचे सोंग आणावे, यातील विरोध लक्षात घेण्याजोगा आहे.

हा साचा अधूनमधून मोडलाही गेला. राज कपूर यांनी राम तेरी गंगा मैली (१९८५) मध्ये त्यांना पहाडी नायिकेचा भाऊ केले. विधू विनोद चोप्रा यांच्या परिंदा (१९८९) मध्ये मुंबईच्या गुन्हेगारी जगातील मूसा आणि जुनून या दूरदर्शन मालिकेत गुंडांचा म्होरक्या केशव कलसी या भूमिका त्यांनी केल्या. या व्यक्तिरेखा भारतीय होत्या आणि प्रेक्षकांनी त्या निःशंकपणे स्वीकारल्या. विशेषतः केशव कलसीमुळे ते घरोघरी पोहोचले. तेव्हा प्रेक्षक स्वीकारणार नाहीत ही निर्मात्यांची समजूत बरीचशी निराधार होती, असे या अनुभवावरून दिसते.

रंगभूमीवरील कार्य : आल्टर यांच्या सामर्थ्याचा पूर्ण प्रत्यय रंगभूमीवर आला. एम. सईद आलम यांनी लिहून दिग्दर्शित केलेल्या मौलाना आझाद या एकपात्री उर्दू नाटकात ते दोन तासांहून अधिक काळ एकटेच रंगमंचावर असत. शेरवानी, टोपी व दाढी यांतून उभा राहणारा मौलाना आणि त्यांची फारसीमिश्रित, डौलदार उर्दू ऐकताना नटाच्या वर्णाचा प्रेक्षकांना विसर पडे. मिर्झा गालिब यांची भूमिकाही त्यांनी रंगमंचावर केली. येथे त्यांचा चेहरा दुय्यम आणि वाणी प्रमुख होती. चित्रपटांनी नेमके याच्या उलट केले होते. फाळणीने विभागलेल्या कुटुंबातील या नटाने फाळणीला अखेरपर्यंत विरोध करणाऱ्या नेत्याची भूमिका आपली मानावी, यात योगायोगापेक्षा अधिक काही आहे.

मराठी भाषिकांच्या दृष्टीने या प्रयोगांना आणखी एक अर्थ आहे. बीड जिल्ह्यासह मराठवाडा १९४८ पर्यंत निजामाच्या हैदराबाद संस्थानात होता व तेथील राज्यकारभाराची भाषा उर्दू होती. मराठी मातृभाषा असलेल्या अनेकांचे शिक्षण तेथे उर्दूतून झाले. भाषा ही वंशाची वा धर्माची मालमत्ता नसून ती जो शिकतो व जपतो त्याची असते, हे या पिढीने प्रत्यक्ष अनुभवले होते. आल्टर यांची कारकीर्द याच सत्याचा निराळ्या दिशेने आलेला पुरावा होय.

आल्टर यांनी क्रीडाविषयक लेखनही विपुल केले. क्रिकेट हा त्यांचा जिव्हाळ्याचा विषय होता. सचिन तेंडुलकर भारतीय संघात येण्यापूर्वी, अवघा पंधरा वर्षांचा असताना, त्यांनी त्याची चित्रफितीसाठी घेतलेली मुलाखत प्रसिद्ध आहे. २००८ साली भारत सरकारने त्यांना ‘पद्मश्री’ हा किताब दिला. त्वचेच्या कर्करोगाने त्यांचे मुंबई येथे निधन झाले.

अलीकडील स्थिती : लगान (२००१) या चित्रपटासाठी पॉल ब्लॅकथॉर्न, रेचल शेली इ. ब्रिटिश कलावंत इंग्लंडमधून आणण्यात आले व त्यांनी आपले हिंदी संवाद पाठ करून म्हटले. चित्रीकरणाच्या वेळीच ध्वनिमुद्रण करण्याच्या पद्धतीला या चित्रपटापासून चालना मिळाल्याने उसना आवाज वापरण्याची सोय कमी झाली. रंग दे बसंती (२००६) मध्ये ॲलिस पॅटन यांना हिंदी बोलणारी, भारतीय क्रांतिकारकांवर चित्रपट करू पाहणारी ब्रिटिश तरुणी दाखविण्यात आले. गोरी व्यक्ती येथे शत्रू नसून इतिहासाची साक्षीदार होती. फ्रेंच आईवडिलांच्या पोटी पाँडिचेरी येथे जन्मलेल्या कल्की केकलाँ यांनी देव डी (२००९) पासून नायिका व चरित्र अभिनेत्री अशा दोन्ही नात्यांनी काम केले असून मार्गरिटा विथ अ स्ट्रॉ या चित्रपटातील भूमिकेसाठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कारांतील विशेष परीक्षक पुरस्कार मिळाला. या चित्रपटात त्या लैला नावाची, मराठी आईची मुलगी झाल्या आहेत.

मूल्यमापन : सुमारे शंभर वर्षांच्या या इतिहासात एक विलक्षण वळण दिसते. ब्रिटिश सत्ता असताना परदेशी वंशाच्या अभिनेत्री पडद्यावर भारतीय नायिका म्हणून मान्य झाल्या. सत्ता गेल्यावर त्याच वंशाच्या कलावंतांना मोहिनी, तस्कर वा जुलमी साहेब यांच्या चौकटीत बसविण्यात आले. राष्ट्राला आपली ओळख घडविताना एक परका लागतो आणि तो पडद्यावर पुरविण्याचे काम या नटांकडे आले. त्यांच्यापैकी बहुतेकांनी याच देशात घर केले, येथील भाषा आत्मसात केली आणि येथेच देह ठेवला. भूमिकांच्या यादीत मात्र त्यांचा परकेपणाच अधिक नोंदला गेला. चरित्र अभिनेत्याचे खरे श्रेय दिलेल्या चौकटीत माणूस उभा करण्यात असते. या कसोटीवर नादिरांची ज्यूलीमधील आई आणि आल्टर यांचा कॅप्टन वेस्टन या व्यक्तिरेखा भारतीय चित्रपटाच्या इतिहासात टिकून राहतील.